व्याह्यांचा शेवटचा खून

माझे व्याही खून करतात. म्हणजे करायचे. चाळीसएक वर्षं त्यांनी जपानमध्ये दरसाल एकदोन माणसं नेमाने मारली. कधी विष घालून, कधी कड्यावरून ढकलून, एकदा तर बर्फात ठेवलेला मासा डोक्यात घालून. त्याच कमाईवर ओसाकात घर बांधलं, मुलीला परदेशी शिकवलं आणि रिटायर झाले. गोरो उत्सुगी हे नाव तुम्ही ऐकलेलं नसणार. मीही ऐकलं नव्हतं. आमचा शंतनू हॅमिल्टनला दूध पावडरच्या कंपनीत लागला, तिथल्या प्रयोगशाळेतल्या मिचिकोशी त्याने परस्पर लग्न ठरवलं, आणि फोनवर म्हणाला, "बाबा, तिचे वडील रायटर आहेत."

वसुंधरेने कपाळाला हात लावला. "म्हणजे तिकडेही तेच!"

तिचं आयुष्य माझ्या पेपरातल्या सदरांची कात्रणं सांभाळण्यात गेलेलं.

उत्सुगी मूळचे विमा कंपनीतले कारकून. लोकांचे दावे खोटे ठरवायचे, हे काम. एका बाईने नवऱ्याच्या अपघाती मृत्यूचा दावा लावला होता. ती फाइल वाचताना उत्सुगींना बाईची दया आली नाही, रागही आला नाही, फक्त किळस आली. इतका गबाळा खून! हे आपण याहून बरं केलं असतं, असं त्यांना वाटलं. त्यांनी ते कागदावर करून पाहिलं, ते छापलं गेलं आणि नोकरी सुटली. पुढे त्यांनी इन्स्पेक्टर काजी काढला. पोट कायम बिघडलेलं, सारखं कोमट पाणी पिणारा, संशयिताकडे न बघता त्याच्या चपलांकडे बघणारा पोलीस. त्याची टीव्हीवर मालिका झाली. ती इतकी चालली, की काजीचं काम करणाऱ्या नटाला लोक रस्त्यात थांबवून विचारत, "साहेब, नवीन पुस्तक कधी?" आणि तो नट, उत्सुगींच्या शब्दांत सांगायचं तर "तो कोबीचा गड्डा", लोकांना तारीख सांगत असे.

मग दिवस पालटले. नवे लेखक आले, ज्यांच्या कादंबऱ्यांत खुनी शेवटी रडतो आणि त्याचं बालपण वाईट गेलेलं असतं. उत्सुगींच्या खुन्यांना बालपणच नव्हतं. खप उतरला, मालिका बंद पडली. एका जानेवारीत प्रकाशकाचं नववर्षाचं कार्ड आलं नाही. "मोहन-सान, आमच्याकडे नोकरीवरून काढायची हीच पद्धत," असं त्यांनी मला सांगितलं. पुढे बायको गेली आणि मिचिको त्यांना हॅमिल्टनला घेऊन आली.

आम्ही दरवर्षी एप्रिलमध्ये जातो. तेव्हा तिथे हिवाळा तोंडावर असतो आणि फिजोआ पिकलेले असतात. ज्याच्या त्याच्या परसात या हिरव्या फळांचा सडा पडलेला असतो, आणि जो तो पिशव्या भरभरून दुसऱ्याच्या दाराशी ठेवून पळून जातो. मी आणि उत्सुगी घरामागच्या लाकडी डेकवर बसून ते फिजोआ चमच्याने कोरून खातो आणि माणसांबद्दल वाईट बोलतो. दोघांचंही इंग्रजी बेताचं. पण कुणाची निंदा करायला फार शब्द लागत नाहीत.

"वाचकाला कधी मान देऊ नये," ते म्हणायचे. "मान दिला की तो विचार करायला लागतो."

"आणि टीकाकाराला?"

"त्याला मान द्यावा. तो विचार करत नाही."

यंदा मात्र त्यांच्या तुच्छतेला धार नव्हती. मिचिको आणि शंतनू कामाला गेले, की ते खोलीत बसून लिहायचे, आणि संध्याकाळी मिचिको ते कॉम्प्युटरवर उतरवायची. त्यांचा एक जुना संपादक आता कुठल्याशा छोट्या प्रकाशनसंस्थेत होता. त्याने कळवलं होतं, शेवटचं एक पुस्तक करू. पण खुनी कोण ते कुणालाही ओळखता येता कामा नये. नाहीतर राहू दे, लोकांना तुमची चांगली पुस्तकं लक्षात ठेवू दे.

"हे छापलं गेलं, तर मी लेखक म्हणून मरेन," उत्सुगी एकदा चमचा खाली ठेवून म्हणाले. "नाहीतर मिचिकोचे वडील म्हणून."

मी म्हटलं, "मी वसुंधरेचा नवरा म्हणून मरणार आहे. त्याची सवय होते."

ते हसले नाहीत, तेव्हा मला कळलं, की प्रकरण गंभीर आहे.

कादंबरी हॅमिल्टनजवळच्या गोठ्यावर घडते. शेतकरी स्वतःच्याच दुधाच्या टाकीत बुडून मेलेला सापडतो. दोन मुलगे, हिशेबनीस, भांडकुदळ शेजारी, सगळ्यांकडे कारण आहे. आणि मारलेलं असतं मिसेस प्रिचर्डने. ही म्हातारी अख्ख्या पुस्तकात दोनदा येते. एकदा स्कोनचं, म्हणजे चहाबरोबरच्या छोट्या गोड पावांचं, ताट ठेवून जाते, एकदा फोनवर हवामान विचारते. व्याह्यांच्या मते चाळीस वर्षांत त्यांनी असा खुनी लपवला नव्हता. हे गुपित त्यांना आणि मिचिकोलाच माहीत होतं. मलादेखील त्यांनी ते सगळं बोंबललं तेव्हाच सांगितलं.

आता बोंबललं कसं, ते ऐका.

मिचिकोने मराठी शिकायचं मनावर घेतलं होतं. रोज संध्याकाळी तासभर वसुंधरेशी फक्त मराठी. पण सून आणि सासू रोज तासभर बोलणार काय? हवा झाली, भाजी झाली, शंतनूचं लहानपण झालं. मग वसुंधरा म्हणाली, "अगं, एखादी गोष्ट सांग ना मला." मिचिकोच्या डोक्यात त्या वेळी एकच गोष्ट होती. रोज तीच टाइप करायची ना! तिने ती सासूला मराठीत सांगितली, क्रियापदं सांभाळत, आठवडाभर, शेवटासकट. "आई, ती म्हातारी वाईट आहे. ती स्कोन आणते, पण तिने त्याला ढकललेलं असतं." वसुंधरेने "ढकललेलं असतं"बद्दल तिची पाठ थोपटली. आणि दुसऱ्या दिवशी भारतीय दुकानात कढीपत्ता निवडता निवडता ती स्नेहलताला म्हणाली, "फक्त तुला म्हणून सांगते हं."

स्नेहलता फार्मसिस्ट आणि मराठी मंडळाची सेक्रेटरी. फार्मसीत ती कुणाच्या औषधाबद्दल ब्र काढत नाही, त्यामुळे तिचं बोलायचं सगळं साठून राहतं. तिनेही ते फक्त एकेकीला म्हणूनच सांगितलं.

त्याच सुमारास मंडळाने ठरवलं, की आपल्या शंतनूच्या सासऱ्यांचा सत्कार करायचा. त्यांचं एकही पुस्तक मंडळात कुणी वाचलेलं नव्हतं, पण सत्काराला ते लागत नाही. शाळेचा हॉल घेतला. प्रत्येक घराने एक पदार्थ आणायचा होता, म्हणून साबुदाण्याची खिचडी सात घरांनी आणली. शाल पुण्याहून कुणीतरी कुणासाठी तरी आणलेली होती, नारळ जवळच्या बेटांवरून येऊन राहिलेल्या लोकांच्या दुकानातून आणला. प्रास्ताविक अध्यक्षांनी केलं.

अध्यक्ष म्हणजे डॉक्टर चंद्रहास. व्यवसायाने भूलतज्ज्ञ, आणि हॉस्पिटलच्या बाहेरही त्याची प्रॅक्टिस जोरात चालते. "किया ओरा आणि नमस्कार," त्याने तिथल्या नि आपल्या अभिवादनाने सुरुवात केली. मग जपानची शिस्त, जपानच्या गाड्या, जपानमध्ये त्याने स्वतः काढलेले चार दिवस, आणि "अशा शिस्तीच्या देशातही खून होतात, हे उत्सुगीसाहेबांमुळे आपल्याला कळलं" असं म्हणून टाळ्या. उत्सुगी शालीत ताठ बसून होते. उकडत असणार, कारण हीट पंप पूर्ण चालू होता.

मग मिचिकोने नव्या कादंबरीचं पहिलं प्रकरण इंग्रजीत वाचून दाखवलं. ही कल्पना उत्सुगींचीच. जिवंत वाचकावर एकदा प्रयोग करून बघायचा होता. या प्रकरणात म्हातारीला एकच वाक्य होतं : मिसेस प्रिचर्डने स्कोन ठेवले आणि ती निघून गेली.

"तर मंडळी," उत्सुगी उठून म्हणाले, आणि वर्षभरात पहिल्यांदा त्यांच्या डोळ्यांत तो जुना, छान तुच्छ भाव आला, "कुणाला काही अंदाज?"

चंद्रहासचा हात आधीच वर होता.

"सर, चुकत असेन तर सांगा. पण ती स्कोनवाली बाई मला काही बरोबर वाटली नाही."

हॉलमध्ये "अगदी! अगदी!" झालं. संपदा नावाची एक आयटीतली मुलगी म्हणाली, "मलाही तिच्यावरच डाऊट आला. इतकी गोड बाई असतेच कशाला?" मागून कुणीतरी म्हणालं, "ऑबव्हियस आहे हो." स्नेहलता म्हणाली, "मी तर वाक्य ऐकल्याबरोबर ह्यांना कोपर मारलं." तिच्या नवऱ्याने मान डोलावली. त्याला कोपराची सवय होती.

वसुंधरा माझ्या शेजारी बसली होती. ती जमिनीकडे बघायला लागली. लग्नाला इतकी वर्षं झाली, मला दुसरा पुरावा लागला नाही.

उत्सुगी उभेच होते. पुस्तकातला त्यांचा काजी अशा वेळी चपलांकडे बघून सगळं ओळखतो. यांच्यासमोर हॉलभर चपला होत्या, निम्म्यांच्या पायांत तर एप्रिलच्या थंडीतही जँडल्स, म्हणजे आपल्या रबरी स्लिपर, होत्या. पण त्यांना काहीच दिसलं नाही. एक वाक्य ऐकून पन्नास माणसं एकाच म्हातारीवर बोट ठेवतात, म्हणजे कुठेतरी पाणी मुरतंय, हे शेंबड्या पोरालाही कळलं असतं. पण चाळीस वर्षं कोडी घालणाऱ्याला एकच शंका पुरते, आणि ती स्वतःबद्दलची असते.

"थँक यू," ते म्हणाले आणि बसले. खिचडीला त्यांनी हात लावला नाही. अर्थात तो त्यांच्या चवीचाही भाग असेल.

दुसऱ्या दिवशी त्यांनी मिचिकोला सांगितलं, पुस्तक पाठवायचं नाही. संपादकाला कळव, म्हातारा थकला. आणि ते परसात जाऊन तण उपटायला लागले. चांगलं तण उपटायचे, मुळासकट. तिसऱ्या दिवशी तण संपलं, तेव्हा त्यांनी मिचिकोची कोथिंबीर उपटली.

मी आधी सरळ मार्गाने गेलो. चंद्रहासच्या घरी गेलो आणि म्हटलं, "डॉक्टर, एक उपकार करा. व्याह्यांना सांगा, की तुम्हाला ते नाव आधीच कळलं होतं."

"आधीच कळलं होतं, ते खरंय," तो म्हणाला. "पण माझं मला कळलं होतं."

"स्नेहलता वहिनींनी सांगितलं होतं ना तुम्हाला?"

"काका, तिने सांगितलं, नाही असं नाही. पण तिने सांगितलं नसतं, तरी मी ओळखलं असतं. मग सांगितलं काय नि न सांगितलं काय?"

"त्या म्हाताऱ्याचं पुस्तक अडलंय हो."

"मग त्यांनी थोडं अवघड लिहावं," चंद्रहास म्हणाला, आणि मला फिजोआची एक पिशवी दिली.

संपदाकडे गेलो. ती म्हणाली, "काका, सॉरी, पण माझी इन्स्टिंक्ट खरंच स्ट्राँग आहे." स्नेहलतेने तर आपण कुणाला काही सांगितल्याचंच नाकारलं, आणि वर विचारलं, "वसुंधरा असं म्हणाली? बघा बाई, माणसं कशी असतात." सबंध गावात एक माणूस असा मिळेना, जो म्हणेल, की मी एवढा हुशार नाही. फुकट मिळालेली अक्कल परत करायला कुणी तयार नव्हतं.

शेवटी वसुंधरा उठली. "मीच सांगते," म्हणाली. "सुनेच्या विश्वासाचं मी वाटोळं केलंय. तिच्या वडिलांसमोर तरी खरं बोलते." तिने केस नीट केले, साडी नेसली आणि डेकवर जाऊन उत्सुगींसमोर उभी राहिली. मिचिको दुभाषी म्हणून शेजारी. वसुंधरेने सगळं सांगितलं. मराठीचा तास, कढीपत्ता, स्नेहलता. मिचिकोचा चेहरा आधी पांढरा पडला, मग लाल झाला, पण भाषांतर तिने एक शब्द न गाळता केलं. पोरगी गुणाची.

उत्सुगींनी शांतपणे ऐकलं. मग म्हणाले, "वसुंधरा-सान, तुम्ही फार दयाळू आहात."

"अहो, दया कसली? मी खरं सांगतेय!"

"माझ्या सगळ्या पुस्तकांत," ते म्हणाले, "जो आपणहून येऊन गुन्हा कबूल करतो, तो निर्दोष असतो. तो दुसऱ्या कुणालातरी वाचवत असतो. तुम्ही मला वाचवताय." आणि ते डोळे पुसत आत गेले.

वसुंधरा माझ्याकडे वळली. "आयुष्यात पहिल्यांदा चूक कबूल केली मी," ती म्हणाली, "आणि हा माणूस विश्वास ठेवत नाही! काय मेलं लिहिणाऱ्यांचं डोकं असतं!"

मिचिको कोथिंबिरीची मुळं परत मातीत खोचायला गेली. दोन दिवस मराठीचा तास झाला नाही.

मग मी वाकड्या मार्गाने गेलो. मला तो अधिक सरावाचा.

"गोरो-सान," मी विचारलं, "तुमच्या कादंबरीत गुरांचा डॉक्टर आहे?"

"नाही."

"गोठ्यावरची कादंबरी, आणि गुरांचा डॉक्टर नाही?"

"गायी निरोगी आहेत," ते तुटकपणे म्हणाले.

"ठीक. या रविवारपर्यंत डॉक्टर चंद्रहास तुमच्याकडे येईल आणि सांगेल, की खून गुरांच्या डॉक्टरने केला. स्वतःहून सांगेल. तो आला नाही, तर तुमचं खरं, माझी बायको दयाळू. आला, तर पुस्तक पाठवायचं."

त्यांनी माझ्याकडे पहिल्यांदाच एखाद्या संशयिताकडे बघावं तसं बघितलं. मग मान हलवली.

मी वसुंधरेला काय करायचं ते सांगितलं. ती आधी नाही म्हणाली. "पुन्हा तेच करू?"

"मागे चुकून केलंस. आता ठरवून कर."

तिने स्नेहलताला फोन लावला. आधी हवा, मग भाजी, मग आवाज खाली. "अगं, ऐक ना. फक्त तुला म्हणून सांगते हं. त्यांनी शेवट बदललाय. आता म्हणे तो गुरांचा डॉक्टर... हो, तोच... नाही, आमच्या ह्यांनाही माहीत नाही." फोन ठेवल्यावर तिने मोठा श्वास घेतला. "ठरवून करताना मजा येत नाही," ती म्हणाली.

रविवारची वाटही बघावी लागली नाही. शनिवारी सकाळी चंद्रहासची गाडी दारात. हातात पिशवी, फिजोआचीच. उत्सुगी डेकवर होते, मी शेजारी, मिचिको आणि शंतनू चहा घेऊन आलेले.

"सर, जास्त वेळ घेत नाही," चंद्रहास टेकत म्हणाला. "तुमच्या कादंबरीवर माझं चिंतन चालूच आहे. आणि मला सांगावंसं वाटलं, की मुळात ती म्हातारी नाहीच."

"नाही?" उत्सुगी म्हणाले.

"तो गुरांचा डॉक्टर आहे."

मी फिजोआ कोरत राहिलो.

"पण त्या दिवशी," उत्सुगी फार हळू म्हणाले, "तुम्ही स्कोन म्हणालात."

"ते मी तुमची रिअ‍ॅक्शन बघायला म्हटलं. खरं सांगू? पहिल्या पानावर गाय आली ना, तेव्हाच माझ्या मनात आलं, गाय आहे म्हणजे डॉक्टर असणार. आणि त्याचा उल्लेख नाही. का नाही? कारण लेखक त्याला लपवतोय! आम्हा मेडिकल लोकांना हे चटकन कळतं. इंजेक्शन त्याच्याकडे, गोठ्याची किल्ली त्याच्याकडे..."

"किल्ली," उत्सुगी म्हणाले. "कृपा करून पुढे सांगा."

चंद्रहासने सांगितलं. कादंबरीत नसलेल्या त्या माणसाची त्याने उंची सांगितली, हेतू सांगितला, शेतकऱ्याच्या बायकोशी असलेलं जुनं प्रकरण सांगितलं. त्याची भूल देण्याची पद्धत कुठे चुकली, तेही सांगितलं. उत्सुगी मान डोलावत होते. हळूहळू त्यांची पाठ ताठ झाली, हनुवटी वर आली, डोळे बारीक झाले, आणि चाळीस वर्षं ज्या नजरेने त्यांनी वाचकाकडे पाहिलं होतं ती निखळ, थंडगार, निरोगी तुच्छता त्यांच्या चेहऱ्यावर पसरली. दहा वर्षांनी तरुण दिसायला लागले.

"मिचिको," ते जपानीत काहीतरी म्हणाले. मिचिको पळतच आत गेली. थोड्या वेळाने खिडकीतून तिचा आवाज आला, मराठीत. "आई! पुस्तक पाठवलं!" वसुंधरा स्वयंपाकघरातून म्हणाली, "पाठवलं नाही गं, पाठवून दिलं म्हण, बरं वाटतं." म्हणजे तास पुन्हा सुरू झाला होता.

"म्हणजे बरोबर ना सर?" चंद्रहासने विचारलं. "गुरांचा डॉक्टरच ना?"

उत्सुगी उठले. अंगावरचा सदरा नीट केला, दोन्ही हात बाजूला घेतले आणि चंद्रहाससमोर कमरेतून वाकले. सावकाश, इतके खाली, की शंतनूला वाटलं ते आता पडणार, म्हणून तो पुढे झाला. बराच वेळ ते तसेच राहिले.

"डॉक्टर," सरळ होत ते म्हणाले, "तुमच्यासारखे वाचक आहेत, म्हणून मी लिहू शकलो."

चंद्रहासचे डोळे भरून आले. तो गेल्यावर मी व्याह्यांना म्हटलं, "एवढं वाकायची काय गरज होती?"

"मोहन-सान," ते पिशवीतला मोठा फिजोआ निवडत म्हणाले, "सरळ उभा राहिलो असतो, तर त्याला माझा चेहरा दिसला असता."